अर्ध्या तासाचा चहा

१/ रात्री दहाच्या सुमारास मुंबईतून निघालेली गाडी महाडला पोहोचते तेव्हा मध्यरात्र उलटून गेलेली असते. पुढे पोलादपूर, आणि पोलादपूर सोडले की कशेडीचा घाट. या टप्प्यावर गाड्या थांबतात. टपरीवर आधण उकळत असते. चालक दोन घोटांत पेला रिकामा करतो, तोंडावर पाणी मारतो आणि पुन्हा स्टेअरिंगवर बसतो. चहा पोटात गेला, आता झोप येणार नाही, असा सर्वांचाच समज असतो. हा समज कितपत खरा आहे आणि तो रुजला कसा, हा या थ्रेडचा विषय.

२/ प्रश्न साधा दिसतो. परंतु त्याच्या उत्तरात रसायनशास्त्र आहे, गिरणगाव आहे, पुण्याचे एक गाजलेले ग्रामण्य आहे आणि महाडशी कायमचे जोडले गेलेले एक नावही आहे. म्हणणे आधीच सांगितलेले बरे : चहा झोप पुढे ढकलतो, भरून काढत नाही. पेल्याइतकाच, किंबहुना त्याहून अधिक, पेल्याभोवतीचा अर्धा तास मोलाचा असतो. तो अर्धा तास कामगारांनी झगडून मिळवला. पेला मात्र त्यांना विकण्यात आला. या दोहोंची गल्लत आजही रस्त्यावर जिवाशी येऊ शकते.

३/ आधी रसायन. १८१९ मध्ये जर्मन रसायनशास्त्रज्ञ रुंगे याने कॉफीच्या बियांतून कॅफिन वेगळे काढले. १८२७ मध्ये चहाच्या पानांतून असाच एक पदार्थ मिळाला, तेव्हा त्याला ‘थीन’ असे निराळे नाव दिले गेले. पुढे अकरा वर्षांनी, १८३८ मध्ये, हे दोन्ही पदार्थ एकच असल्याचे सिद्ध झाले. चहाची तरतरी आणि कॉफीची तरतरी या मुळात एकाच द्रव्याच्या लेकी. फरक मात्रेचा आणि सोबतच्या इतर द्रव्यांचा.

४/ हे द्रव्य करते काय? माणूस जागा असताना मेंदूत अ‍ॅडेनोसिन नावाचे संयुग साचत जाते. ते मेंदूतील ठरावीक ग्राहींवर जाऊन बसले की झापड येऊ लागते. कॅफिनचा रेणू त्याच जागा अडवतो. अ‍ॅडेनोसिन नाहीसे होत नाही. त्याला बसायला जागा मिळत नाही, इतकेच. सावकार दारात उभा असताना दाराला आतून कडी घालावी, तसा हा प्रकार आहे. कडी कधीतरी निघते, आणि तोवर व्याज चढलेले असते.

५/ चहात आणखी एक द्रव्य आहे : थिअ‍ॅनिन. १९४९ मध्ये जपानमध्ये साकातो या संशोधकाने ग्योकुरो या सावलीत वाढवलेल्या चहातून ते वेगळे केले. कॅफिनच्या जोडीने दिले असता लक्ष एकाग्र राहण्यास त्याची मदत होते, असे काही प्रयोगांत दिसले आहे. चहाची तरतरी कॉफीपेक्षा सौम्य का वाटते, याचे उत्तर अनेक जण येथे शोधतात. मात्र या प्रयोगांत दिलेली मात्रा बहुधा १०० मिलिग्रॅमच्या आसपास किंवा त्याहून जास्त असते. एका पेल्यात त्यापेक्षा बरेच कमी थिअ‍ॅनिन असते. तेव्हा टपरीवरच्या चहाला या द्रव्याचे सगळे श्रेय देण्याची घाई नको.

६/ आता मात्रेचा हिशेब. सुमारे २४० मिलिलिटरच्या मोठ्या कपभर काळ्या चहात साधारणतः ४० ते ५० मिलिग्रॅम कॅफिन असते. पत्ती किती घातली आणि किती वेळ उकळली, यावर तो आकडा वरखाली होतो. टपरीवरचा कटिंग आकाराने या कपाच्या निम्माही नसतो. शिवाय चहाचा ‘कडकपणा’ हा बराचसा टॅनिनसारख्या तुरट द्रव्यांचा गुण आहे. जिभेला बसणारा झटका आणि मेंदूला मिळणारी जाग, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आल्याने चव येते, कॅफिन वाढत नाही.

७/ मात्रेइतकाच वेळ महत्त्वाचा. प्यायलेले कॅफिन रक्तात कमाल पातळीला पोहोचण्यास साधारण अर्धा ते एक तास लागतो. आता पोलादपूरचा नकाशा आठवावा. तेथे चहा घेऊन पाच मिनिटांत निघालेला चालक थोड्याच वेळात कशेडीच्या चढणीला लागतो. ज्या वळणांसाठी त्याने चहा घेतला, त्यांतली पुष्कळशी वळणे चहाचा पूर्ण अंमल सुरू होण्यापूर्वीच मागे पडलेली असतात. नव्या बोगद्याने हे अंतर कमी केले असेल, रात्र कमी केलेली नाही.

८/ मग तत्काळ वाटते ती तरतरी कसली? उतरून चार पावले चालल्याची, थंड हवेची, तोंडावर मारलेल्या पाण्याची, गोड गरम घोटाची, आणि ‘आता बरे वाटेल’ या अपेक्षेची. ती खोटी नाही; पण ती टिकत नाही. गाडीची काच उघडणे, रेडिओ मोठा लावणे हे उपायही संशोधकांनी तपासले आहेत. त्यांचा परिणाम अल्पकाळचाच आढळला. डुलकी मात्र क्षणांची असते. ताशी ६० किलोमीटर वेगाने जाणारी गाडी तीन सेकंदांत ५० मीटर पुढे जाते. कोकणातल्या घाटात ५० मीटर सरळ रस्ता मिळणे हेच अप्रूप.

९/ इंग्लंडमधील लफबरो येथील हॉर्न आणि रेनर या संशोधकांनी १९९६ मध्ये याच प्रश्नावर एक नेमका प्रयोग प्रसिद्ध केला. झोप अपुरी झालेल्या दहा जणांना गाडी चालवण्याच्या कृत्रिम यंत्रावर दुपारच्या वेळी दोनदा एकेक तास बसवले. दोन फेऱ्यांच्या मध्ये अर्ध्या तासाची विश्रांती. त्या वेळात कधी पंधरा मिनिटांहून कमी डुलकी, कधी १५० मिलिग्रॅम कॅफिन असलेली कॉफी, तर कधी कॅफिन नसलेली कॉफी. डुलकी आणि कॅफिन, दोहोंनी चुका कमी झाल्या. नुसत्या विश्रांतीसोबतच्या बिनकॅफिनच्या कॉफीने तसे घडले नाही.

१०/ पुढच्याच वर्षी त्यांनी दोन्ही उपाय एकत्र करून पाहिले : आधी कॉफी, लगेच छोटीशी डुलकी. कॅफिनचा अंमल चढेपर्यंत डोळे मिटायचे, आणि तो चढता चढता उठायचे. एकेकट्या उपायापेक्षा ही जोडी सरस ठरली. येथे दोन गोष्टी लक्षात घ्याव्यात. १५० मिलिग्रॅम म्हणजे तीन-साडेतीन मोठे कप चहा, एक कटिंग नव्हे. आणि या सगळ्या उपायाला लागतो तो वेळ : अर्धा तास. पहाटे दोन ते सहा हा तर शरीराच्या घड्याळातला सर्वांत झोपाळू प्रहर; दुपारच्या प्रयोगात जे लागले, त्याहून कमीत तेथे भागेल असे मानायला आधार नाही.

११/ हा अर्धा तास महाराष्ट्राच्या इतिहासात नवा नाही. १८८४ मध्ये मुंबईच्या गिरणी कामगारांनी नारायण मेघाजी लोखंडे यांच्या नेतृत्वाखाली काही मागण्या मांडल्या. आठवड्याला एक सुट्टी हवी, काम सकाळी साडेसहा ते सूर्यास्त एवढेच असावे, पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेपर्यंत मिळावा, आणि दुपारी अर्धा तास विश्रांती असावी. सत्यशोधक विचारांचे, ‘दीनबंधु’चे संपादक असलेले लोखंडे कामगारांसाठी आधी वेळ मागत होते.

१२/ १० जून १८९० रोजी गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. १८९१ च्या कारखाना कायद्याने आठवड्याची सुट्टी आणि दुपारी अर्धा तास काम थांबवणे या दोन्ही गोष्टींना कायद्याचे रूप दिले. या गिरण्यांत राबणारे हात प्रामुख्याने रत्नागिरी, सातारा आणि कुलाबा या जिल्ह्यांतून आलेले होते. आजचा रायगड म्हणजे तेव्हाचा कुलाबा. महाड त्यातच येई. महाडच्या रस्त्याने आज मध्यरात्री गावी निघणाऱ्या चाकरमान्याच्या पणजोबाने कदाचित तो पहिला रविवार पाहिला असेल.

१३/ त्याच १८९० सालच्या ऑक्टोबरात पुण्यात चहावरून वादळ उठले. पंचहौद मिशनमध्ये झालेल्या एका कार्यक्रमात रानडे, टिळक, गोखले यांच्यासह अनेक मान्यवरांपुढे चहा-बिस्किटे ठेवली गेली. गोपाळराव जोशी यांनी नावे वर्तमानपत्रात जाहीर केली. ख्रिस्ती मिशनऱ्यांकडचा चहा घेतला म्हणून ग्रामण्य झाले. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले, प्रायश्चित्तेही घेतली गेली. एकाच वर्षात मुंबईचा कामगार विश्रांतीचा हक्क मिळवत होता आणि पुण्याचा विद्वत्समाज कोणाच्या हातचा चहा चालतो यावर खल करत होता. चहा अंगाला काय करतो, याची चर्चा अजून दूर होती.

१४/ ती चर्चा व्यापाराने आणली. १९०३ च्या कायद्याने निर्यात होणाऱ्या चहावर उपकर बसला आणि त्या पैशातून चहाचा प्रचार सुरू झाला. आरंभी लक्ष परदेशी बाजाराकडे होते. पहिल्या महायुद्धाच्या काळात कारखाने, खाणी आणि कापडगिरण्यांमध्ये चहाची केंद्रे उघडून कामाच्या मध्ये चहाची सवय लावण्याचे प्रयत्न झाले. जागतिक मंदीत मळेवाल्यांचा माल पडून राहू लागला, तेव्हा १९३० च्या दशकात हिंदुस्थानी गिऱ्हाइकाकडे जोराने मोर्चा वळला. चहा घेतला की थकवा जातो, काम जोमाने होते, हा प्रचाराचा गाभा होता.

१५/ हा प्रचार गिरणीत नेमका कोणत्या वेळी शिरला, हेही पाहण्यासारखे आहे. १९०५ च्या सुमारास मुंबईच्या गिरण्यांत विजेचे दिवे आले आणि सूर्यास्ताची मर्यादाच मोडली. दिवसाचे काम पंधरा तासांपर्यंत ताणले गेले. १९११ च्या कायद्याने कापडगिरण्यांतील पुरुषांसाठी बारा तासांची मर्यादा घातली. १९२२ मध्ये ती अकरा तासांवर, १९३४ मध्ये दहा तासांवर आली. विजेने रात्र लांबवली, आणि लांबलेल्या रात्रीला चहाचा आधार मिळाला. आजचा रात्रीचा महामार्ग हा त्याच लांबवलेल्या रात्रीचा वारस.

१६/ चहाला विरोध झालाच नाही असे नव्हे. महात्मा गांधींनी पुण्याच्या आगाखान पॅलेसमधील स्थानबद्धतेत आरोग्यावर जी पुस्तिका लिहिली, तीत चहा, कॉफी आणि कोको ही शरीराला अनावश्यक पेये ठरवली. चहाबाबत त्यांचा मुख्य रोख उकळून निघणाऱ्या टॅनिनवर होता. दुसरीकडे १९४७ मध्ये अन्नदा मुन्शी यांच्या भित्तिपत्रकाने चहाला पूर्ण स्वदेशीचा मान दिला. या लढाईत चहा जिंकला, हे सांगायला इतिहासकाराची गरज नाही. मात्र दोन्ही बाजूंनी वाद पेयाचाच घातला. पेय पिणाऱ्याच्या कामाच्या तासांचा प्रश्न दोहोंच्या कक्षेबाहेर राहिला.

१७/ तो प्रश्न हाती घेणाऱ्यांपैकी एकाचे नाव महाडला निराळे सांगावे लागत नाही. २० मार्च १९२७ रोजी चवदार तळ्यावर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी पाण्याचा हक्क बजावला. ओंजळभर पाणी हा माणुसकीचा प्रश्न आहे, हे या गावाने पाहिले. पुढे १९४२ ते १९४६ या काळात ते व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य होते. १९४६ च्या कारखाना कायदा दुरुस्तीने बारमाही कारखान्यांतील आठवडा ५४ तासांवरून ४८ तासांवर आणला. हे विधेयक त्यांच्याच खात्याचे. तळ्यावर पाण्याचा हक्क, आणि कारखान्यात वेळेचा.

१८/ रस्त्यावरच्या कामगाराला हा हक्क कागदोपत्री १९६१ मध्ये मिळाला. मोटार वाहतूक कामगार कायद्यानुसार दिवसाला आठ आणि आठवड्याला ४८ तास काम. लांब पल्ल्यासाठी काही अटींवर दिवसाला दहा. सलग पाच तासांहून अधिक काम नाही, त्यानंतर किमान अर्धा तास विश्रांती. एका दिवसाचे काम संपल्यापासून दुसऱ्या दिवसाचे सुरू होईपर्यंत सलग नऊ तास मोकळे. लोखंड्यांचा अर्धा तास येथे पुन्हा भेटतो, आणि लफबरोच्या प्रयोगातला अर्धा तासही. कायदा आणि विज्ञान इतक्या नेमकेपणाने क्वचितच एका आकड्यावर येतात.

१९/ तरीही हा अर्धा तास महामार्गावर दिसत नाही. १९६१ चा कायदा पाच किंवा अधिक कामगार असलेल्या उपक्रमांनाच लागू होत असे. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याने तेच तास वाहतुकीच्या वाहनांवरील चालकांसाठी धरले, पण एकट्या मालकाच्या ट्रकवर घड्याळ कोण लावणार? आणि गणेशोत्सवासाठी दिवसभर नोकरी करून रात्री स्वतःची गाडी घेऊन निघालेला चाकरमानी तर कोणत्याच कायद्याच्या हिशेबात नाही. त्याच्याजवळ असतो फक्त कटिंग, आणि त्यावरचा विश्वास.

२०/ येथे एक आक्षेप रास्त आहे. चालकाने थांबून चहा घ्यावा, हे काहीच न करण्यापेक्षा चांगले नाही का? निश्चितच चांगले. टपरी ही महामार्गावरची सर्वांत लोकशाही विश्रांतीची जागा आहे. तेथे ट्रकचालक आणि मोटारमालक एकाच बाकावर बसतात. दोष टपरीचा नाही, चहाचा तर नाहीच. दोष आहे तो चहाला झोपेची जागा देण्याचा. पेला संपला म्हणजे थांबणे संपले, असे मानले की पेला हा विश्रांतीचा निमित्तमात्र न राहता तिचा पर्याय होतो. प्रचाराने हेच तर शिकवले होते.

२१/ दुसरा आक्षेप उलट दिशेचा. रोज चहा घेणाऱ्याला चहा न मिळाल्यास डोके जड होते, चिडचिड होते, लक्ष लागत नाही. म्हणजे चहा मेंदूला तेज करतो हे सिद्धच नाही का? संशोधकांचा एक गट याचा अर्थ वेगळा लावतो : सवयीच्या माणसाला पहिल्या पेल्याने वाटणारी हुशारी ही पुष्कळदा कालच्या चहाची उणीव भरून निघाल्याची असते. शिवाय कॅफिन शरीरातून निम्मे होण्यास साधारण पाच तास लागतात. पहाटे तीनचा चहा सकाळी आठ वाजताही निम्मा शिल्लक असतो, आणि गावी पोहोचून अंथरुणाला पाठ टेकणाऱ्याची झोप हलकी करतो. परतीचा प्रवास त्याच थकबाकीवर सुरू होतो.

२२/ जागे राहण्याची सगळी जबाबदारी चालकाच्या डोळ्यांवर टाकणेही अन्यायाचे आहे, हे महाडइतके दुसऱ्या कोणाला ठाऊक? २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री सावित्री नदीवरचा ब्रिटिशकालीन दगडी पूल पुरात कोसळला आणि दोन एसटी बस प्रवाशांसह वाहून गेल्या. अंधारात समोरचा पूलच नाहीसा झाला असता चालक कितीही सावध असून काय उपयोग? तेथे जागे राहायला हवे होते ते पुलाचे वय आणि पुराचा जोर पाहणाऱ्या यंत्रणेने. चालकाला ‘सावध राहा’ असे सांगणारा फलक लावणे सोपे; स्वतः सावध राहणे अवघड.

२३/ म्हणून उपाय पेल्यात शोधू नये. गणेशोत्सवात या महामार्गावर सुविधा केंद्रे उभी राहतात. तेथे चहा हवाच. पण त्याच्या शेजारी गाडी निर्धास्त लावण्याची जागा, पाठ टेकायला बाक किंवा सतरंजी, आणि वीस मिनिटांनी हाक मारून उठवणारे कोणीतरी हवे. ही सोय वर्षातले दहा दिवस नव्हे, बारमाही हवी. कारण मालवाहू ट्रक गणपतीची वाट पाहत नाहीत. लांब पल्ल्याच्या खासगी बसमध्ये दुसरा चालक आहे की नाही, हे तिकीट काढतानाच प्रवाशाला कळले पाहिजे. आणि घाटाच्या पायथ्याशी चहा घेणाऱ्याला सोबतच्यांनी ‘चला, उशीर होतोय’ म्हणण्याऐवजी ‘जरा पडा’ म्हटले पाहिजे.

२४/ लोखंड्यांनी मालकांकडे चहा मागितला नव्हता. त्यांनी वेळ मागितला होता. पाऊणशे वर्षांनी कायद्याने तोच अर्धा तास चालकाच्या नावे लिहिला. विज्ञानाने विसाव्या शतकाच्या अखेरीस त्याची उपयुक्तता मोजून दाखवली. उरले आहे ते इतकेच की महाड-पोलादपूरच्या रस्त्यावर मध्यरात्री थांबलेल्या माणसाला तो प्रत्यक्ष मिळावा. चहा त्या अर्ध्या तासाच्या सुरुवातीला घ्यावा, मग डोळे मिटावेत. घाट कुठे जात नाही.